अंड्याच्या जागी टोफू

वाढदिवसाचा केक कापला, की सगळी मुले टेबलाभोवती गोळा होतात. माझी भाची मात्र अशा वेळी हळूच खिडकीपाशी जाऊन उभी राहते. केक आवडत नाही म्हणून नव्हे. तिला अंड्याची अ‍ॅलर्जी आहे. लहान असताना तिने एकदा केकचा एक तुकडा खाल्ला आणि थोड्याच वेळात अंगावर गांधी उठल्या, ओठ सुजले, श्वास घ्यायला त्रास होऊ लागला. तिला तातडीने दवाखान्यात न्यावे लागले. तेव्हापासून डॉक्टरांनी तिला अंडे पूर्णपणे वर्ज्य केले आहे.

तिच्या दहाव्या वाढदिवसाच्या पंधरा दिवस आधी तिने मला विचारले, “मावशी, अंडं केकमध्ये करतं तरी काय?”

मित्रहो, प्रश्न साधा दिसतो. पण तो फार चांगला प्रश्न आहे. एखाद्या वस्तूच्या जागी दुसरी वस्तू वापरायची असेल, तर पहिली वस्तू तेथे कोणते काम करते हे आधी ठाऊक हवे. सायकलच्या चाकातली एक तार तुटली तर तिच्या जागी सुतळी बांधून चालत नाही. तार नुसती जागा भरत नाही, ती ताण सोसते. अंड्याचेही तसेच आहे.

माझ्या बहिणीचे घर लातूर जिल्ह्यात आहे. शेतात दरवर्षी सोयाबीन होते, पोत्यात भरून बाजारात जाते आणि तेथून तेलाच्या गिरणीत. घरात मात्र सोयाबीनच्या वड्यांपलीकडे त्याचा काही उपयोग होत नाही. त्या वड्या भाची पूर्वीपासून खाते आणि तिला त्यांचा काही त्रास होत नाही. म्हणून आम्ही ठरवले, की सोयाबीनचे पनीर म्हणजे टोफू घरीच करायचा आणि तो अंड्याच्या जागी घालून मफिन करून पाहायचे. मफिन म्हणजे वाटीत भाजलेला लहानसा, मऊ केक. एका वाटीत एक मावते, त्यामुळे प्रयोगाला सोयीचे.

अंड्याची चार कामे

कोंबडीच्या एका अंड्यातला खाण्याचा भाग साधारण ५० ग्रॅम भरतो. त्यात सुमारे तीन चतुर्थांश पाणी, सहा-साडेसहा ग्रॅम प्रथिने आणि पाच ग्रॅमच्या आसपास स्निग्ध पदार्थ असतात. केकच्या मिश्रणात गेल्यावर हे अंडे चार कामे करते.

पहिले काम पाणी पुरवण्याचे. मैद्यातील पिष्टाचे कण हे पाणी शोषून फुगतात.

दुसरे काम तेल आणि पाणी एकत्र ठेवण्याचे. तेल आणि पाणी बाटलीत घालून कितीही हलवा. थोड्या वेळाने तेल पुन्हा वर येते. पण अंड्याच्या पिवळ्या बलकात लेसिथिन नावाचा पदार्थ असतो. त्याच्या रेणूचे एक टोक पाण्याकडे ओढ घेते आणि दुसरे तेलाकडे. हे रेणू तेलाच्या बारीक थेंबांना चहूबाजूंनी वेढतात आणि थेंबांना एकमेकांत मिसळू देत नाहीत.

तिसरे काम हवा धरण्याचे. अंडे घोटले म्हणजे पांढऱ्या भागातील प्रथिनांचे पातळ पडदे बनतात आणि त्यांत हवेचे बुडबुडे अडकतात.

चौथे काम सर्वांत महत्त्वाचे. अंड्यातील प्रथिनांचे रेणू म्हणजे गुंडाळी करून ठेवलेले लांब धागेच. ६० ते ७० अंश सेल्सिअसच्या दरम्यान या गुंडाळ्या उलगडू लागतात, धागे एकमेकांत गुंततात आणि पातळ अंडे घट्ट होते. भट्टीत केक फुगलेला असतानाच हे जाळे घट्ट होते, म्हणून केक बाहेर काढल्यावर खाली बसत नाही.

आता प्रश्न असा, की या चार कामांपैकी किती कामे टोफूला जमतील?

सोयाबीनपासून टोफू

टोफूचा शोध चीनमध्ये लागला. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात होऊन गेलेल्या लिऊ आन नावाच्या राजपुत्राने तो लावला अशी तेथे आख्यायिका आहे. लेखी उल्लेख मात्र बराच नंतरचा, दहाव्या शतकातला सापडतो. चिनी भाषेतले ‘दोउफू’ जपानमध्ये ‘तोफू’ झाले आणि आपल्याकडे ‘टोफू’ म्हणून आले.

सोयाबीनच्या दाण्यात सुमारे ४० टक्के प्रथिने आणि २० टक्के तेल असते. आपल्या नेहमीच्या डाळींत प्रथिने वीस-पंचवीस टक्के असतात आणि तेल अगदी थोडे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने महाराष्ट्रातल्या शेतकऱ्यांसाठी सोयाबीनचे अनेक वाण तयार केले आहेत. ‘एम.ए.सी.एस.’ ही अक्षरे ज्यांच्या नावात असतात ते हेच वाण.

आम्ही २०० ग्रॅम सोयाबीन रात्री भिजत घातले. सकाळी दाणे चोळून साली काढल्या आणि सुमारे सव्वा लिटर गरम पाणी थोडे थोडे घालत मिक्सरमधून वाटले. पाणी गरम का? सोयाबीनच्या दाण्यात लायपॉक्सिजनेज नावाचे विकर असते. दाणा फुटला, की हवेतील ऑक्सिजनच्या साहाय्याने ते तेलावर क्रिया करते आणि हिरवट, उग्र वास सुटतो. उष्णतेने हे विकर निकामी होते. म्हणून खूप गरम पाण्यात वाटले तर वास पुष्कळ कमी येतो.

वाटलेले मिश्रण मलमलच्या फडक्यातून पिळून घेतले, की सोयादूध मिळते. ते चांगले उकळणे अत्यंत आवश्यक आहे. कच्च्या सोयाबीनमध्ये एक असे प्रथिन असते, की ते आपल्या आतड्यातील ट्रिप्सिन या पाचक विकराला अडवून ठेवते. अमेरिकेतील शास्त्रज्ञ मोझेस कुनित्झ यांनी १९४५ मध्ये ते स्फटिकरूपात वेगळे केले. पुरेशी उष्णता मिळाली, की त्याची ही शक्ती जाते. म्हणून सोयादूध उकळी आल्यावर मंद आचेवर दहा-पंधरा मिनिटे ढवळत ठेवावे. त्यावर भराभर फेस चढतो आणि उकळी आली असे वाटते. पण तो फेस फसवा असतो. आच कमी करून खरी उकळी येऊ द्यावी. फडक्यात राहिलेला चोथाही फेकू नये. नीट शिजवून थालीपिठात घालता येतो.

उकळलेले दूध थोडे निवल्यावर, म्हणजे साधारण ७५ ते ८० अंशांवर, त्यात दोन-तीन मोठे चमचे लिंबाचा रस पाण्यात मिसळून हळूहळू घातला. पाहता पाहता दूध फाटून गोळे वर आले आणि खाली पिवळसर निवळ पाणी राहिले. चीन-जपानमध्ये लिंबाऐवजी जिप्सम, म्हणजे कॅल्शियम सल्फेट, किंवा मिठागरातील कडू पाण्यापासून मिळणारे मॅग्नेशियम क्लोराइड वापरतात.

हे कसे घडते? उकळताना सोयाबीनच्या प्रथिनांच्या गुंडाळ्या उलगडतात. परंतु त्यांच्यावर ऋण विद्युतभार असतो. समान भार एकमेकांना दूर लोटतात, त्यामुळे ती प्रथिने पाण्यात अलग अलग तरंगत राहतात. लिंबातील आम्ल हा भार नाहीसा करते. दूर लोटणारा जोर संपतो आणि प्रथिने एकमेकांना चिकटून जाळे बनवतात. त्या जाळ्यात पाणी आणि तेल अडकून बसते. हाच टोफू. तो फडक्यात बांधून थोडा वेळ टांगला. वजन ठेवून दाबला मात्र नाही, कारण आम्हांला तो मऊ हवा होता.

दोन वाट्यांचा प्रयोग

मफिन करण्यापूर्वी मी माझ्या स्वतःच्या घरी एक छोटा प्रयोग करून पाहिला. भाचीच्या स्वयंपाकघरात अंडे नेण्याचा प्रश्नच नव्हता. एका वाटीत घोटलेले अंडे घेतले, दुसऱ्या वाटीत मिक्सरमधून गुळगुळीत केलेला टोफू. दोन्ही वाट्या इडलीपात्रात ठेवून दहा मिनिटे वाफवल्या.

अंडे पक्के घट्ट झाले. सुरीने त्याच्या वड्या पडल्या. टोफू मात्र थोडासा आटला एवढेच. चमच्याने हलवताच पुन्हा लगदा.

कारण आता तुमच्या लक्षात आले असेल. अंड्याची प्रथिने अजून गुंडाळलेली होती. त्यांचे जाळे बनायचे बाकी होते. टोफूचे जाळे आधीच, दूध फाटले तेव्हाच, बनून गेलेले. आपण ते मिक्सरमध्ये मोडले. मोडलेले जाळे नुसत्या उष्णतेने पुन्हा पूर्वीसारखे विणले जात नाही.

म्हणजे अंड्याचे सर्वांत महत्त्वाचे काम टोफूला जमणार नव्हते! हवा धरण्याचे कामही नाही, कारण टोफू घोटून फेस होत नाही. उरली दोन कामे. पाणी टोफूत भरपूर असते. तेलाच्या थेंबांना अलग ठेवण्याचे कामही त्याला बऱ्यापैकी जमते, कारण सोयाबीनमध्येही लेसिथिन असते. गंमत पाहा, लेसिथिन हे नाव बलकासाठी असलेल्या ग्रीक शब्दावरून पडले. पण चॉकलेट-बिस्किटांत घातले जाणारे लेसिथिन पुष्कळदा सोयाबीनमधूनच काढलेले असते.

मी भाचीला हा निकाल सांगितला तेव्हा ती हिरमुसली. मग म्हणाली, “राहिलेली दोन कामं दुसऱ्या कुणाला तरी दे ना!”

अगदी बरोबर. हवेचे काम खाण्याच्या सोड्याला आणि घट्ट करण्याचे काम मैद्याला द्यायचे असे आम्ही ठरवले.

पाच घाणे आणि एक वही

पहिल्या घाण्यात आम्ही मैदा, साखर, तेल, दूध, टोफू आणि खाण्याचा सोडा घातला. मफिन फुगले नाहीत, वर तपकिरी झाले आणि चवीला साबणासारखे लागले. असे का व्हावे? खाण्याचा सोडा म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. त्याला आम्ल भेटले, की त्यातील सगळा कार्बन डायऑक्साइड मोकळा होतो. आम्ल नसेल तर तो केवळ उष्णतेने फुटतो. तेव्हा वायू निम्माच सुटतो आणि मागे सोडियम कार्बोनेट, म्हणजे चक्क धुण्याचा सोडा उरतो. साबणाची चव त्याचीच! अंडे काय किंवा टोफू काय, सोड्याला पुरेल इतके आम्ल दोहोंतही नसते.

दुसऱ्या घाण्यात लिंबाचा रस घातला. पूर्ण क्रिया झाली, तर एक ग्रॅम सोड्यापासून खोलीच्या तापमानाला जवळजवळ २९० मिलिलिटर वायू सुटतो, म्हणजे मोठा पेला भरून. मफिन फुगले, पण कापून पाहिले तर आत लांबट बोगदे आणि चावायला रबरासारखे. चूक माझी होती. गुठळ्या राहू नयेत म्हणून मी मिश्रण रवीने खूप वेळ घुसळले होते. गव्हाच्या पिठात पाणी घालून मळले, की त्यातील प्रथिनांपासून ग्लुटेन नावाचा चिवट, लवचिक पदार्थ बनतो. पोळीची कणीक आपण मुद्दाम मळतो ती याचसाठी. मफिनला मात्र इतका चिवटपणा नको.

तिसऱ्या घाण्यात मिश्रण हलक्या हाताने जेमतेम कालवले. आतले बोगदे गेले आणि मफिन मऊ झाले. तेव्हा भाचीला वाटले, थोड्या टोफूने एवढे मऊ, तर दुप्पट टोफूने किती छान होईल! म्हणून चौथ्या घाण्यात टोफू दुप्पट घातला. मफिन वरून भाजले गेले, पण आत ओला गिच्च गोळा राहिला. दोन वाट्यांच्या प्रयोगाचाच हा पुढचा भाग होता. टोफू स्वतः घट्ट होत नाही. त्याला उभे धरतो तो मैदा. मैद्यातील पिष्टाचे कण गरम पाण्यात फुगतात, एकमेकांना चिकटतात आणि मफिनच्या भिंती बनवतात. टोफू दुप्पट केला, की पाणी वाढते आणि त्या मानाने मैदा अपुरा पडतो.

पाचवा घाणा भाचीच्याच डोक्यातून निघाला. टोफू खरोखर काही काम करतो, की उगीचच घालतो आहोत? हे पाहण्यासाठी टोफू वगळून त्याच्याऐवजी नुसते पाणी घातले. बाकी सर्व तिसऱ्या घाण्यासारखे. शास्त्रज्ञ याला तुलनेचा प्रयोग म्हणतात. आम्हांला वाटले होते, की हे मफिन फुगणारच नाहीत. पण ते चांगले फुगले! फरक कळला तो दुसऱ्या दिवशी. पाण्याचे मफिन कोरडे पडले आणि हातात धरताच त्यांचा भुगा झाला. टोफूचे मफिन मऊ आणि ओलसर राहिले. म्हणजे मफिन फुगवणारा सोडा, उभे धरणारा मैदा आणि मऊ ठेवणारा टोफू. ज्याचे त्याचे काम स्वच्छ दिसले.

भाचीने प्रत्येक घाण्याची वजने, वेळ आणि निकाल वहीत लिहून ठेवला होता. एका घाण्यात एकच गोष्ट बदलायची, हा नियम तिने माझ्याकडून कटाक्षाने पाळून घेतला. दोन गोष्टी एकदम बदलल्या असत्या, तर कोणत्या बदलाने काय झाले हे कधीच कळले नसते.

तुम्हीही करून पाहा

भट्टी आणि शेगडीपाशी काम करताना घरातील मोठे माणूस सोबत हवेच. लहान आठ मफिनसाठी हे प्रमाण घ्या :

मैदा १५० ग्रॅम, मऊ टोफू १२० ग्रॅम, पिठीसाखर १०० ग्रॅम, तेल ६० मिलिलिटर, दूध ६० मिलिलिटर, लिंबाचा रस १ मोठा चमचा, बेकिंग पावडर १ चहाचा चमचा, खाण्याचा सोडा पाव चहाचा चमचा, चिमूटभर मीठ आणि वेलदोड्याची पूड.

टोफू, दूध, साखर आणि तेल मिक्सरमधून अगदी गुळगुळीत करून घ्या. मैदा, बेकिंग पावडर, सोडा आणि मीठ दोन वेळा एकत्र चाळा. भट्टी १८० अंशांवर आधीच तापवून ठेवा. वाट्यांना तेलाचा हात लावून मैदा भुरभुरवा. सर्व तयारी झाल्यावरच लिंबाचा रस टोफूच्या मिश्रणात घाला, त्यात मैदा घालून हलक्या हाताने कालवा आणि वाट्या दोन तृतीयांश भरून लगेच भट्टीत ठेवा. उशीर केला तर वायू वाटीबाहेरच निघून जाईल. वीस ते पंचवीस मिनिटांनी सुई खुपसून पाहा. ती कोरडी निघाली, की मफिन झाले.

विजेची भट्टी नसेल तर जाड बुडाच्या पातेल्यात बोटभर जाडीचा जाड्या मिठाचा थर द्या, त्यावर उंच कडे ठेवा, झाकण घालून दहा मिनिटे तापवा आणि वाट्या कड्यावर ठेवा. मध्यम-मंद आचेवर अर्धा तास किंवा थोडा अधिक वेळ लागेल.

एक सूचना अगदी महत्त्वाची. काही लोकांना सोयाबीनची, गव्हाची किंवा दुधाचीही अ‍ॅलर्जी असते. खायला देण्यापूर्वी विचारा. आणि अंड्याची अ‍ॅलर्जी असणाऱ्यासाठी करत असाल, तर ज्या भांड्याला, रवीला किंवा मिक्सरला अंडे लागलेले आहे ते वापरू नका.

बर्डसाहेबांची भुकटी

आमच्या या खटाटोपासारखीच एक गोष्ट इंग्लंडमधील बर्मिंगहॅम शहरात घडली होती. तेथे आल्फ्रेड बर्ड नावाचे एक औषधविक्रेते राहत. त्यांच्या पत्नीला अंडे चालत नसे आणि पाव फुगवण्यासाठी घालतात ते यीस्टही चालत नसे. तेथील कस्टर्ड हा गोड पदार्थ अंड्यानेच दाट होतो. बर्डनी विचार केला, की अंड्याचे येथे काम काय? दाट करण्याचे. मग ते पिष्टाकडून करवून घेऊ! १८३७ मध्ये त्यांनी मक्याच्या पिठापासून अंड्याविना कस्टर्डची भुकटी बनवली. पुढे १८४३ मध्ये यीस्टविना पाव फुगावा म्हणून त्यांनी बेकिंग पावडर तयार केली. सोडा आणि कोरडे आम्ल पिष्टात मिसळून ठेवायचे. पाणी लागेपर्यंत दोघे गप्प बसतात. आपल्याकडे उन्हाळ्यात फळे घालून जे कस्टर्ड करतात, त्याची भुकटी ही बर्डसाहेबांच्या भुकटीचीच वंशज. घरातले एक माणूस ताटावरून उपाशी उठू नये, एवढ्यासाठी सुरू झालेला प्रयोग जगभरच्या स्वयंपाकघरांत पोहोचला.

वाढदिवसाच्या दिवशी भाचीने ताट स्वतःच फिरवले. तिच्या वर्गातल्या एका मुलाने दुसरे मफिन उचलत विचारले, “यात अंडं नाही? मग हे फुगलं कसं?”

ती धावत आत गेली आणि वही घेऊन आली.

आता तुमच्यासाठी दोन प्रश्न. लिंबाच्या रसाऐवजी ताक वापरले तर सोड्याचे प्रमाण तेच ठेवता येईल का? आणि मैद्याऐवजी ज्वारीचे पीठ घेतले, तर खूप वेळ घुसळल्यावरही मफिन रबरासारखे होतील का? आधी उत्तराचा अंदाज वहीत लिहा आणि मगच करून पाहा. अंदाज चुकला तरी तो खोडू नका.